फाळके यांना न मिळालेली तारामती : दुर्गा खोटे यांची कारकीर्द

नवी दिल्ली : दादासाहेब फाळके यांच्या 'राजा हरिश्चंद्र' या चित्रपटात तारामतीची भूमिका एका पुरुषाने केली होती. ३ मे १९१३ रोजी गिरगावातील कोरोनेशन चित्रपटगृहात तो प्रेक्षकांसमोर आला. तत्पूर्वी फाळके यांनी या भूमिकेसाठी स्त्री मिळावी म्हणून अनेक ठिकाणी विचारणा केली होती. कुलीन घरांतून नकार येणे अपेक्षितच होते. समाजाने आधीच बहिष्कृत केलेल्या वस्त्यांतील स्त्रियांनीही कॅमेऱ्यासमोर उभे राहण्यास नकार दिला. अखेर एका उपाहारगृहात काम करणारे अण्णा साळुंके साडी नेसून तारामती झाले. त्यानंतर १९ वर्षांनी त्याच कथेवर पहिला मराठी बोलपट तयार झाला, तेव्हा तारामती होती मुंबईतील एका प्रतिष्ठित सॉलिसिटरची, कॅथेड्रल शाळेत आणि सेंट झेवियर महाविद्यालयात शिकलेली कन्या. पुढे १९८३ सालासाठी फाळके यांच्याच नावाचा, भारतीय चित्रपटसृष्टीतील सर्वोच्च शासकीय सन्मान तिला जाहीर झाला. ही अभिनेत्री म्हणजे दुर्गा खोटे.

त्यांच्या नावाचा उल्लेख होताच आजही बहुतेकांना 'मुघल-ए-आझम'मधील जोधाबाई आठवते किंवा सत्तरच्या दशकातील हिंदी चित्रपटांतील शालीन, पांढऱ्या केसांची आई डोळ्यांसमोर येते. ही ओळख खोटी नाही, परंतु अपुरी आहे. मासिक पगारावर नटनट्यांना बांधून ठेवण्याच्या काळात स्वतंत्रपणे काम करणारी, १९३७ मध्येच निर्माती झालेली आणि वयाच्या ऐंशीनंतरही आपल्या नावाच्या संस्थेतर्फे दूरदर्शनसाठी मालिका निर्माण करणारी ही स्त्री होती. अभिनयाइतकेच व्यवहाराचे भान त्यांच्यापाशी होते आणि ते त्यांना परिस्थितीने शिकविले होते.

दुर्गाबाईंचा जन्म १४ जानेवारी १९०५ रोजी मुंबईत झाला. माहेरचे आडनाव लाड, घरातील नाव विटा. मूळचे गोव्याचे हे गौड सारस्वत कुटुंब गिरगावातील कांदेवाडीत मोठ्या एकत्र परिवारात राहत असे. घरात कोकणी बोलली जाई. वडील पांडुरंग शामराव लाड हे सॉलिसिटर होते. आईचे नाव मंजुळाबाई. मुलींनी इंग्रजी शाळेत जावे, महाविद्यालयात जावे, ही गोष्ट त्या घरात स्वाभाविक मानली जात होती. पण शिकलेल्या मुलीने त्या शिक्षणाच्या बळावर पोट भरावे, अशी वेळ येईल हे मात्र कोणाच्या ध्यानीमनी नसावे. शिक्षण चालू असतानाच त्यांचा विवाह विश्वनाथ खोटे यांच्याशी झाला. विश्वनाथ हे बनारस हिंदू विद्यापीठातून शिकलेले अभियंता होते. बकुल आणि हरीन हे त्यांचे दोन पुत्र.

खोटे घराणे संपन्न होते. मात्र काही वर्षांतच त्या घराची आर्थिक स्थिती ढासळली. पुढे पतीचेही अकाली निधन झाले आणि दोन मुलांचा सांभाळ हा दुर्गाबाईंच्या आयुष्याचा मुख्य प्रश्न होऊन बसला. माहेरी आश्रय मिळू शकला असता. परंतु आयुष्यभर दुसऱ्याच्या आधाराने राहणे त्यांच्या स्वभावात बसणारे नव्हते. त्या काळात शिकलेल्या स्त्रीला खुले असलेले मार्ग मोजकेच, आणि त्यांतही दोन मुलांचे शिक्षण होऊ शकेल एवढी प्राप्ती देणारे त्याहून कमी. अशा स्थितीत बहिणीच्या ओळखीतून एका चित्रपटातील छोट्या भूमिकेचा प्रस्ताव त्यांच्यापर्यंत पोहोचला आणि त्यांनी तो स्वीकारला.

तो चित्रपट म्हणजे मोहन भवनानी यांचा 'फरेबी जाल' (१९३१). मूकपट संपत आला होता, बोलपट नुकताच आला होता. या मूकपटाला बोलपटाचा एक तुकडा जोडण्यात आला होता आणि दुर्गाबाईंचे काम त्या काही मिनिटांपुरतेच होते. उरलेल्या चित्रपटात काय आहे, याची त्यांना पुरेशी कल्पना नव्हती. चित्रपट प्रदर्शित झाला तेव्हा तो सवंग असल्याचे सर्वांच्या लक्षात आले. जाहिरातीत लाडांची कन्या आणि खोटे यांची सून म्हणून त्यांची ओळख ठळकपणे करून देण्यात आली होती. त्यामुळे गिरगावात जी टीका उसळली, तिची झळ दोन्ही घराण्यांना पोहोचली. एका छोट्या भूमिकेची एवढी किंमत मोजल्यावर चित्रपटाचे दार कायमचे बंद झाले असते, तर त्यात कोणालाही नवल वाटले नसते.

कोल्हापूरहून आलेल्या प्रस्तावाने हे चित्र पालटले. प्रभात फिल्म कंपनी १९२९ मध्ये तेथे स्थापन झाली होती आणि व्ही. शांताराम आपला पहिला बोलपट काढण्याच्या तयारीत होते. 'फरेबी जाल'मधील त्या थोड्याशा कामात शांताराम यांना तारामती दिसली. ज्या चित्रपटाने दुर्गाबाईंचे नाव खराब केले, त्याच चित्रपटाने त्यांना ही संधी मिळवून दिली, असे म्हणावे लागते. आधीच्या अनुभवाने पोळलेल्या घराला पुन्हा तयार करणे सोपे नव्हते. परंतु विषय पौराणिक होता, संस्था शिस्तीची म्हणून ओळखली जात होती आणि हरिश्चंद्राच्या भूमिकेत व संगीत दिग्दर्शक म्हणून गोविंदराव टेंबे यांच्यासारखा मातब्बर कलावंत होता.

'अयोध्येचा राजा' हा चित्रपट मराठीत आणि हिंदीत एकाच वेळी तयार झाला. प्रत्येक दृश्य दोन भाषांत चित्रित करावे लागे. पार्श्वगायनाची पद्धत अद्याप यावयाची होती, त्यामुळे नटांना कॅमेऱ्यासमोर स्वतःच गावे लागे, आणि आवाज तेथल्या तेथेच मुद्रित होई. दुर्गाबाईंना रंगभूमीचा अनुभव नव्हता. संगीत नाटकांतील गायक नटांच्या परंपरेतून त्या आलेल्या नव्हत्या. टेंबे यांच्या मार्गदर्शनाखाली त्या आपल्या पदांसाठी तयार झाल्या. फेब्रुवारी १९३२ मध्ये मुंबईत मॅजेस्टिक चित्रपटगृहात चित्रपट झळकला. आदल्या वर्षी याच पडद्यावर 'आलम आरा' हा भारतातील पहिला बोलपट आला होता. 'आलम आरा'ची एकही प्रत आज उपलब्ध नाही. 'अयोध्येचा राजा' मात्र शिल्लक आहे आणि आज पाहता येणाऱ्या सर्वांत जुन्या भारतीय बोलपटांत त्याची गणना होते. राज्य गमावलेल्या, बाजारात विकल्या गेलेल्या, पुत्राचे शव घेऊन स्मशानात आलेल्या राणीची ती व्यथा आज ऐकताना ध्वनिमुद्रणातील खरखर जाणवते, पण उच्चारांची स्वच्छता आणि स्वरातील संयम यांमुळे ही अभिनेत्री चित्रपटात नवखी आहे असे वाटत नाही.

तारामतीने दुर्गाबाईंना प्रतिष्ठा परत मिळवून दिली. त्याहून मोठा परिणाम असा की शिकलेल्या घरांतील मुलींसाठी चित्रपटाचे दार थोडे किलकिले झाले. याचे श्रेय एकट्या त्यांना देणे इतिहासाला धरून होणार नाही. फाळके यांच्याच 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची कन्या कमलाबाई या पडद्यावर येऊन गेल्या होत्या; मूकपटांच्या काळात अनेक अभिनेत्री लोकप्रिय झाल्या होत्या. परंतु त्यांच्याकडे पाहण्याची समाजाची दृष्टी बदललेली नव्हती. खोटे-लाड घराण्यांतील स्त्री या व्यवसायात राहते आणि सन्मानाने राहते, ही गोष्ट महाराष्ट्रातील मध्यमवर्गाने प्रथमच इतक्या जवळून पाहिली. हा प्रश्न केवळ भारतातला नव्हता. याच सुमारास शांघायच्या चित्रपटसृष्टीत रुआन लिंगयू ही असामान्य अभिनेत्री कीर्तीच्या शिखरावर होती. खाजगी आयुष्याविषयी वृत्तपत्रांनी चालविलेल्या चर्चेच्या ओझ्याखाली मार्च १९३५ मध्ये वयाच्या २४व्या वर्षी तिच्या आयुष्याचा अंत झाला. पडद्यावरील स्त्रीच्या चारित्र्यावर निवाडा देण्याचा अधिकार आपल्याला आहे, अशी समजूत आशियातील दोन्ही मोठ्या चित्रनगरींत सारखीच होती.

'अयोध्येचा राजा'नंतर त्याच वर्षी प्रभातचाच 'माया मच्छिंद्र' आला. पुरुषांना स्थान नसलेल्या स्त्रीराज्याची राणी दुर्गाबाईंनी त्यात उभी केली. सोबत चित्ता घेऊन वावरणारी ही राणी तारामतीच्या अगदी विरुद्ध टोकाची होती. प्रेक्षकांनी दोन्ही रूपे स्वीकारली.

येथे त्यांच्या कारकिर्दीतील सर्वांत महत्त्वाचा निर्णय येतो. त्या काळी चित्रसंस्था नटनट्यांना मासिक पगारावर करारबद्ध करीत. कोणती भूमिका करावयाची, कोणाबरोबर करावयाची, बाहेर काम करावयाचे की नाही, हे सारे मालक ठरवीत. हा करार किती जाचक होऊ शकतो, हे पुढे १९३९ मध्ये शांता आपटे यांनी प्रभातच्या पुण्यातील फाटकासमोर उपोषणाला बसून सर्व देशाला दाखवून दिले. दुर्गाबाईंनी कोणत्याही एका संस्थेच्या नोकरीत कायमचे अडकून न पडता चित्रपटागणिक काम घेण्याचा मार्ग स्वीकारला. अशा स्वतंत्रपणे काम करणाऱ्या पहिल्या प्रमुख अभिनेत्रींत त्यांची गणना होते. यात धोका होता. महिन्याच्या महिन्याला येणारा पगार नाही, आजारपणात आधार नाही, एक चित्रपट पडला तर पुढचा मिळेलच याची शाश्वती नाही. आणि घरी दोन मुले. तरीही त्यांनी तो पत्करला, यावरून त्यांच्या आत्मविश्वासाचा अंदाज येतो.

या स्वातंत्र्यामुळेच त्या कलकत्त्याला जाऊ शकल्या. न्यू थिएटर्सच्या 'राजरानी मीरा' (१९३३) मध्ये देबकी बोस यांच्या दिग्दर्शनाखाली त्यांनी मीरेची भूमिका केली. पाठोपाठ ईस्ट इंडिया फिल्म कंपनीच्या 'सीता' (१९३४) मध्ये त्या सीता झाल्या. राम होते पृथ्वीराज कपूर. हा चित्रपट व्हेनिसच्या चित्रपट महोत्सवात दाखविला गेला आणि परदेशी महोत्सवात पोहोचलेल्या पहिल्या भारतीय बोलपटांत त्याची नोंद झाली. मराठी आणि कोकणी बोलणारी, इंग्रजी शाळेत शिकलेली ही स्त्री कलकत्त्यात बंगाली दिग्दर्शकाच्या हाताखाली हिंदी चित्रपट करीत होती. बोलपटाने भाषांच्या भिंती उभ्या केल्या असे म्हटले जाते; दुर्गाबाईंनी त्या भिंतींतून आपल्यापुरती वाट काढली.

१९३६ मध्ये त्या पुन्हा प्रभातमध्ये आल्या त्या 'अमर ज्योती'साठी. शांताराम यांच्या या चित्रपटातील सौदामिनी ही भारतीय पडद्यावरील सर्वांत धाडसी स्त्री-व्यक्तिरेखांपैकी एक आहे. स्वतःच्या मुलावरील हक्क कायदा नाकारतो, न्यायमंत्री दाद देत नाही, म्हणून ती समुद्री चाचा होते आणि राज्यसत्तेवर सूड उगवते. चंद्रमोहन आणि शांता आपटे हे त्यांचे सहकलाकार होते. मुलांसाठी जगाशी झुंजणाऱ्या स्त्रीचा संताप दुर्गाबाईंनी ज्या ताकदीने दाखविला, त्यामागे स्वतःच्या आयुष्यातील अनुभव किती होता, हे सांगणे कठीण आहे; पण ती भूमिका त्यांच्याशिवाय दुसऱ्या कोणी केली असती अशी कल्पना करवत नाही. हा चित्रपटही व्हेनिसला गेला.

लगेचच १९३७ मध्ये त्यांनी 'साथी' हा चित्रपट निर्माण केला. मराठीत तो 'सवंगडी' या नावाने आला. निर्माती म्हणून भांडवल उभे करणे, हिशेब सांभाळणे, वितरकांशी बोलणी करणे ही कामे स्त्रीने करावीत ही कल्पनाच तेव्हा नवी होती. त्या वेळी देशात चित्रपट निर्माण करणाऱ्या स्त्रिया हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्याच होत्या. या उपक्रमाने चित्रपट-इतिहासात मोठी खळबळ माजविली नाही. पण पडद्यामागची व्यवस्था त्यांनी एकदा आतून पाहिली आणि तो अनुभव दीड-दोन दशकांनी कामी आला.

नायिकेचे वय संपले की अभिनेत्रीचे काम संपते, हा चित्रपटव्यवसायाचा अलिखित नियम. दुर्गाबाईंनी तो मोडला नाही. त्याला वळसा घातला. वय पस्तिशीच्या पुढे जाताच नायिकेच्या जागेसाठी धडपडत न राहता त्यांनी प्रौढ व्यक्तिरेखा आपणहून स्वीकारल्या. आचार्य अत्रे यांच्या 'पायाची दासी' (१९४१) या चित्रपटात त्यांनी सुनेचा छळ करणारी सासू साकारली. दिग्दर्शक होते गजानन जागीरदार, सुनेच्या भूमिकेत होत्या वनमाला. कालपर्यंत तारामती आणि सीता म्हणून पूजली गेलेली अभिनेत्री खाष्ट सासू म्हणून प्रेक्षकांचे शिव्याशाप घेण्यास तयार झाली. या चित्रपटाच्या 'चरणों की दासी' या हिंदी आवृत्तीसाठी आणि त्यानंतर विजय भट्ट यांच्या 'भरत मिलाप' (१९४२) मधील कैकेयीसाठी बंगाल फिल्म जर्नलिस्ट्स असोसिएशनने त्यांना लागोपाठ दोन वर्षे सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार दिला. सोहराब मोदी यांच्या 'पृथ्वी वल्लभ' (१९४३) मध्ये त्या मृणालवती झाल्या. बंदिवान राजा मुंज याचा गर्व उतरविण्यासाठी आलेली आणि स्वतःच त्याच्या प्रेमात पडणारी ही मानी राजकन्या कन्हैयालाल मुनशी यांच्या कादंबरीतील. मोदी आणि दुर्गाबाई यांची समोरासमोरची संवादफेक हे त्या चित्रपटाचे मुख्य बळ होते.

या भूमिकांकडे एकत्र पाहिले तर एक गोष्ट जाणवते. दुर्गाबाईंना सत्ता हातात असलेली स्त्री उत्तम साधत असे. रंगभूमीवर त्यांनी केलेली कामेही याच जातीची होती. इंडियन पीपल्स थिएटर असोसिएशनशी त्यांचा संबंध होता आणि मुंबई मराठी साहित्य संघाच्या नाट्यप्रयोगांत त्या आवडीने काम करीत. खाडिलकरांच्या 'भाऊबंदकी'तील आनंदीबाई ही त्यांची गाजलेली भूमिका. वि. वा. शिरवाडकर यांनी शेक्सपिअरच्या 'मॅक्बेथ'वरून लिहिलेल्या 'राजमुकुट' या नाटकात, हर्बर्ट मार्शल यांच्या दिग्दर्शनाखाली, नानासाहेब फाटक यांच्यासारख्या नटश्रेष्ठासमोर त्या उभ्या राहिल्या. चित्रपटात नाव आणि पैसा मिळाल्यानंतर नाटकाच्या तालमींसाठी वेळ देणे हा फायद्याचा व्यवहार नव्हता. पण जेथे शिकता येते तेथे जावयाचे, हा त्यांचा बाणा दिसतो. १९५८ मध्ये त्यांना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला.

के. आसिफ यांचा 'मुघल-ए-आझम' १९६० मध्ये प्रदर्शित झाला. अकबर आणि सलीम यांच्या संघर्षात सापडलेली जोधाबाई ही पत्नी आणि माता या दोन कर्तव्यांमध्ये चिरडली जाणारी स्त्री आहे. पृथ्वीराज कपूर यांचा गडगडाटी अकबर आणि दिलीपकुमार यांचा आतल्या आवाजात बोलणारा सलीम यांच्यामध्ये उभे राहून ठसा उमटविणे सोपे नव्हते. दुर्गाबाईंनी येथे आवाज चढविला नाही. २६ वर्षांपूर्वी 'सीता'मध्ये पृथ्वीराज राम होते आणि त्या सीता. आता दोघे बादशहा आणि बेगम म्हणून समोरासमोर होते. कपूर घराण्याशी त्यांचा हा संबंध पुढेही चालू राहिला.

त्याचा एक दुवा दिल्लीत आहे. इस्माईल मर्चंट आणि जेम्स आयव्हरी या जोडीने आपला पहिला कथाचित्रपट 'द हाउसहोल्डर' याच शहरात चित्रित केला. रूथ प्रवर झाबवाला यांच्या कादंबरीवरील हा चित्रपट १९६३ मध्ये आला. दिल्लीतील एका खाजगी महाविद्यालयात तुटपुंज्या पगारावर शिकविणारा तरुण, त्याची नवपरिणीत पत्नी आणि अचानक राहायला येऊन दोघांमध्ये बसणारी त्याची आई, एवढीच कथा. शशी कपूर आणि लीला नायडू यांच्यासमवेत दुर्गाबाई आईच्या भूमिकेत होत्या. कॅमेरा सुब्रत मित्र यांचा होता. मुलावर मालकी सांगणारी, सुनेच्या प्रत्येक कृतीत उणे काढणारी ही आई 'पायाची दासी'तील सासूची दूरची नातलग वाटते. पण दोन दशकांनंतर अभिनय अधिक हलका आणि विनोदाकडे झुकलेला आहे. कॅथेड्रल शाळेतील इंग्रजी येथे उपयोगी पडले, हेही खरे.

दिल्लीने पुढे त्यांचा दोनदा गौरव केला. १९६८ मध्ये पद्मश्री आणि त्यानंतर फाळके पुरस्कार. १९६९ मध्ये देविका राणी यांच्यापासून सुरू झालेल्या या पुरस्काराच्या परंपरेत रूबी मायर्स तथा सुलोचना आणि कानन देवी यांच्यानंतर दुर्गाबाई या चौथ्या स्त्री मानकरी ठरल्या. ज्या शांताराम यांनी त्यांना तारामती केले, त्यांना हा पुरस्कार त्यानंतर, १९८५ सालासाठी मिळाला.

सत्तरच्या दशकातील हिंदी चित्रपटांत दुर्गाबाई सतत दिसतात. हृषिकेश मुखर्जी यांच्या 'बावर्ची' आणि 'अभिमान'मध्ये त्या आहेत, गुलजार यांच्या 'खुशबू'मध्ये आहेत, सुभाष घई यांच्या 'कर्ज'मध्ये पुत्राची वाट पाहणारी आई आहेत. राज कपूर यांच्या 'बॉबी' (१९७३) मधील मिसेस ब्रिगान्झा ही त्यांतील वेगळी भूमिका. नायकाला लहानपणी सांभाळणारी, नायिकेची ही ख्रिस्ती आजी प्रेक्षकांच्या लक्षात राहिली. गोव्याच्या मुळाशी नाते सांगणाऱ्या घरात वाढलेल्या दुर्गाबाईंना ही व्यक्तिरेखा परकी वाटली नसावी. १९७४ च्या 'बिदाई'तील आईसाठी त्यांना सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्रीचा फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. तेव्हा त्यांनी सत्तरी गाठली होती. पाच दशकांत त्यांनी सुमारे २०० चित्रपटांत काम केले. यांतील पुष्कळ भूमिका त्यांच्या योग्यतेच्या नव्हत्या, हे मान्य करावयास हवे. हिंदी चित्रपटाने वयस्क अभिनेत्रीसाठी आई याशिवाय फारशी जागा ठेवली नव्हती आणि दुर्गाबाईंसारख्या कलावतीलाही त्याच चौकटीत फिरावे लागले.

चौकटीबाहेरचे काम त्या दुसरीकडे करीत होत्या. पन्नासच्या दशकात त्यांनी 'फॅक्ट फिल्म्स' ही संस्था सुरू केली आणि पुढे 'दुर्गा खोटे प्रॉडक्शन्स'. माहितीपट, लघुपट आणि जाहिरातपट यांची निर्मिती हा या संस्थांचा व्यवसाय. स्वातंत्र्यानंतर चित्रपटगृहांत मुख्य चित्रपटापूर्वी माहितीपट दाखविणे बंधनकारक झाले होते आणि या क्षेत्राला मागणी होती. जाहिरातपट हा तर तेव्हा नवाच उद्योग होता. तारांकित अभिनेत्रीने अशा अनाकर्षक वाटणाऱ्या कामात पडावे, याचे अनेकांना आश्चर्य वाटले असेल. परंतु चेहऱ्यावर अवलंबून नसलेले उत्पन्न कोठून येऊ शकते, हे त्यांनी वेळीच ओळखले होते. कथाचित्रपटाच्या निर्मितीत एका अपयशाने घर विकण्याची पाळी आलेले निर्माते त्यांनी पाहिले असणार. छोट्या चित्रपटांच्या व्यवसायात लाभ थोडा, पण तो बुडत नाही.

वैयक्तिक आयुष्यात मात्र दुःखाने त्यांची पाठ सोडली नाही. त्यांचा दुसरा विवाह टिकला नाही. धाकटे पुत्र हरीन यांचे तरुण वयातच निधन झाले. हरीन यांच्या पत्नी म्हणजे मराठी रंगभूमीवरील थोर दिग्दर्शिका, पुढे विजया मेहता या नावाने विख्यात झालेल्या विजयाबाई. खोटे घराण्याचे नाट्य-चित्रपटाशी नाते इतरही बाजूंनी विस्तारले. दुर्गाबाईंचे दीर नंदू खोटे हे रंगभूमी आणि मूकपटातील नट. त्यांची मुले शुभा खोटे आणि विजू खोटे यांनी हिंदी-मराठी पडद्यावर आपले स्वतंत्र स्थान निर्माण केले. ज्या घराची अब्रू एका चित्रपटामुळे गेली असे १९३१ मध्ये म्हटले गेले, त्याच घराचे आडनाव पुढे चित्रपटामुळेच घरोघर पोहोचले.

उतारवयात दुर्गाबाई मुंबईच्या गजबजाटापासून दूर, अलिबागजवळ राहावयास गेल्या. 'मी, दुर्गा खोटे' हे आत्मचरित्र त्यांनी मराठीत लिहिले. चित्रपट कलावंतांच्या आत्मचरित्रांत आढळणारा आत्मगौरव त्यात नाही. कांदेवाडीतील एकत्र कुटुंब, पडत्या काळातील संसार, चुकलेले निर्णय, पैशांची ओढाताण यांविषयी त्या मोकळेपणाने लिहितात. शांता गोखले यांनी त्याचा इंग्रजी अनुवाद केल्यामुळे मराठी न जाणणाऱ्या अभ्यासकांनाही हा ऐवज उपलब्ध झाला आहे.

१९८८ मध्ये दूरदर्शनवर 'वागळे की दुनिया' ही मालिका सुरू झाली. आर. के. लक्ष्मण यांच्या सामान्य माणसाच्या जगातून आलेला मुंबईचा कारकून वागळे, त्याची पत्नी, दोन मुले, रेशन, बस आणि महिनाअखेरची काटकसर या मालिकेने घराघरांत पोहोचविली. दिग्दर्शन कुंदन शाह यांचे होते. अंजन श्रीवास्तव आणि भारती आचरेकर हे दांपत्य प्रेक्षकांना आपल्या शेजाऱ्यांसारखे वाटू लागले. निर्मिती दुर्गा खोटे प्रॉडक्शन्सची होती. हे नाव श्रेयनामावलीत वाचताना त्यामागील ८३ वर्षांची स्त्री हीच कधीकाळची तारामती, हे त्या पिढीतील किती प्रेक्षकांच्या लक्षात आले असेल, कोण जाणे.

२२ सप्टेंबर १९९१ रोजी, वयाच्या ८७व्या वर्षी, दुर्गाबाईंचे निधन झाले. भारतीय चित्रपटाच्या शताब्दीनिमित्त, 'राजा हरिश्चंद्र'च्या प्रदर्शनाला १०० वर्षे पूर्ण झाली त्या दिवशी, म्हणजे ३ मे २०१३ रोजी, टपाल खात्याने चित्रपटसृष्टीतील ५० दिवंगत व्यक्तींची तिकिटे प्रकाशित केली. त्यांतील एका तिकिटावर दुर्गा खोटे आहेत.